‘निगा राख’ एवढंच म्हटलं होतं

४ मार्च, मंगळवार

आई पडली! धाकट्या बहिणीचा फोन मी कामावर असतानाच आला. न्हाणीघरात पाय घसरला, खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन नको म्हणाले डॉक्टर, वय झालंय. म्हणजे आता अंथरूण. किती दिवस, कोण सांगणार?

आणि मी कुठे? तर सातासमुद्रापार, म्हाताऱ्यांच्या या घरात, लोकांच्या आयांच्या चादरींच्या घड्या घालतेय.

लांबचा फोन म्हटलं की माझा आवाज आपोआप चढतो. जणू तारेतून नाही, वाऱ्यावरून पोचवायचंय. “अगं, नुसत्या गोळ्यांनी काय होतंय? निगा हवी! दर दोन तासांनी कूस बदलायची, पाठ कोरडी ठेवायची. निगा राखणारी बाई बघ आधी. निगा, निगा!” असं काहीबाही ओरडत होते. तेवढ्यात दारात भुंगा आला मळक्या कपड्यांची ट्रॉली घेऊन. मी त्याच्याकडे बघून पंजा वर केला — थांब जरा. तो थांबला. मग ट्रॉली तिथेच सोडून निघून गेला.

(भुंगा म्हणजे आमचा ट्रॉलीवाला. खरं नाव माझ्या जिभेला वळत नाही. सारखा गुणगुणत असतो म्हणून मी ठेवलेलं नाव — या वहीपुरतं आणि घरापुरतं.)

रात्रभर आईचे पाय डोळ्यांपुढे.

५ मार्च, बुधवार

धाकटीला बाई मिळाली. हाताला हलकी आहे म्हणाली. देव पावला.

भुंगा आज गप्प. मी हसले, त्यानं मान वळवली. घरी काही झालं असेल बिचाऱ्याच्या.

७ मार्च, शुक्रवार

मोठ्या बाईंनी ऑफिसात बोलावलं. मोठ्या बाई म्हणजे आमच्या सगळ्यांच्या वरच्या. एरवी मला बघून खांद्यावर हात ठेवतात. आज टेबलाच्या पलीकडेच बसून राहिल्या. एक कागद दिला. त्यातला माझा नाव-पत्ता तेवढा कळला. सोमवारपासून कामावर यायचं नाही, बोलावू तेव्हा यायचं, एवढं त्यांनी बोटांनी आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर दाखवून समजावलं.

संध्याकाळी मुलानं कागद वाचला. दोनदा वाचला. मग विचारलं,

“आई, ट्रॉलीवाल्या माणसाला तू काय म्हणालीस?”

“मी? काही नाही. थांब म्हटलं. तेही हातानं.”

“फोनवर काय बोलत होतीस?”

सांगितलं. त्यानं कपाळाला हात लावला. सूनबाई पोळपाट तसाच टाकून बाहेर आली.

“आई, इथल्या भाषेत काळ्या लोकांना हिणवायचा एक शब्द आहे. शंभर शिव्यांची एक शिवी. त्यांच्या पणजोबा-खापरपणजोबांना गुरांसारखं विकलं, राबवलं, तेव्हापासूनचा. आणि तो कानाला लागतो — आपल्या ‘निगा’सारखा.”

“आपली निगा?”

“आपली निगा.”

आधी मला हसूच फुटलं. खरंच फुटलं! मग दोघांचे चेहरे बघितले आणि तोंडातलं हसू तोंडातच वाळलं.

त्याच्याकडे बघत, पंजा उगारून, चार वेळा! हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

८ मार्च, शनिवार

सकाळी नळ मोठा सोडून न्हाणीघरात तो शब्द स्वतःशी म्हणून बघितला. त्याच्या कानानं ऐकायचा प्रयत्न केला. पहिल्यांदा आपलाच वाटला. दुसऱ्यांदाही. सातव्या-आठव्यांदा काहीतरी झालं. अंगावर काटा आला. पुढे म्हणवेना.

केवढा मऊ शब्द हा. मी लग्न होऊन निघाले तेव्हा आई रडली नाही, काही नाही, इतकंच म्हणाली — “स्वतःची निगा राख.” लोणच्याची निगा, दुभत्या जनावराची निगा, बाळंतिणीची निगा. शिवणाच्या मशीनला तेल घालायचं तेही निगाच.

आज धाकटीचा फोन आला तेव्हा दार लावून घेतलं, पांघरुणात तोंड खुपसलं आणि म्हटलं, “आईला जप.” धाकटी म्हणाली, “अक्का, तुला सर्दी झालीय का गं?”

११ मार्च, मंगळवार

चौकशी. मोठ्या बाई, एक टाय लावलेला माणूस आणि टेबलाच्या मधोमध फोन. फोनमध्ये दुभाषीण. मराठी मिळाली नाही, हिंदीच होती. मुलाला आत येऊ देत नाहीत, नात्यातलं माणूस चालत नाही म्हणे.

माझी हिंदी म्हणजे टीव्हीवरची. घाबरल्यावर तीही पळाली.

पहिलाच प्रश्न — “आपकी शिक्षा?”

मी म्हटलं, आधीच शिक्षा? अजून विचारलंसुद्धा नाही! “मैंने कुछ किया नहीं, शिक्षा कायकू?” अशी रडकुंडीला आले. फोनमधली बाई गोंधळली. पाच मिनिटांनी उलगडा झाला. शिक्षण विचारत होती, फॉर्मात भरायचं होतं. सातवी पास. लिहिलं त्यांनी.

मग मूळ गोष्ट. फोनवर काय बोललात, तेच शब्द सांगा. आता आली का पंचाईत! तो शब्द उच्चारल्याशिवाय समजावू कशी? आणि उच्चारला की टायवाला डोळे मिटून घेतो, मोठ्या बाई लिहायला लागतात. जितकं समजावावं तितकं गुन्ह्यात भर! शेवटी खालच्या आवाजात म्हटलं — निगा राख.

दुभाषीण एकदम म्हणाली, “अच्छा, निगाह रखो!”

“हां, हां! वोही!” मी ओरडलेच. इतका आनंद झाला मला! कुणीतरी माझा शब्द ओळखला. शेजारच्या गावचा असला तरी आपलाच पाहुणा. तिनं त्यांना सांगितलं. टायवाल्यानं मान हलवली, लिहून घेतलं. मी तिचे तीनदा आभार मानले.

हलकी होऊन घरी आले.

१२ मार्च, बुधवार

आगीतून फुफाट्यात.

जबाबाची प्रत आली. मुलगा वाचता वाचता थांबला. त्यात लिहिलंय की मी फोनवर कुणाला तरी सांगत होते, ‘नजर ठेव’. म्हणजे पाळत! त्या माणसाकडे बघत, हात करून, ‘याच्यावर नजर ठेव’. आणि मी हे मान्य केलं. आनंदानं. तीनदा आभार मानून!

“पण तिनं निगाच म्हटलं,” मी म्हणाले.

“निगाह, आई. हिंदीत निगाह म्हणजे नजर.”

“एवढ्याशा ‘ह’मुळे?”

म्हणजे आधी मी शिवी दिली होती, आता शिवी देऊन वर चोरही ठरवलं त्याला. मी दिवसभर स्वयंपाकघरात होते. भांडी घासली, पुसली, पुन्हा घासली.

१५ मार्च, शनिवार

लिहू की नको? वहीपासून काय लपवायचं.

जेवताना मी म्हणाले, “भुंगा तसा नाही हो. त्यानं तक्रार केलीच नसेल.”

सूनबाई म्हणाली, “आई, भुंगा का म्हणता त्यांना?”

“गुणगुणतो म्हणून.”

“गोरा माणूस गुणगुणला असता तर हेच नाव ठेवलं असतं?”

मुलगा म्हणाला, “अगं, जेव ना.” ती जेवायला लागली. मीही. पण घास फिरत राहिला.

इस्त्रीवाली सारखी शीळ घालते. गोरीपान आहे. तिला मी काय नाव ठेवलं? काही नाही. इस्त्रीवालीच म्हणते.

गुणगुणण्यावरून ठेवलं, हे खरं. पण पहिल्यांदा दिसला तेव्हा तो गुणगुणत नव्हता. गप्प उभा होता लिफ्टमध्ये. आणि तेव्हाच मनात आलं होतं — भुंगा.

जो शब्द मी बोलले नाही त्यासाठी मला पकडलंय. जो बोलले त्याबद्दल कुणी विचारतच नाही. कुणाला सांगू?

आता वहीत ‘तो’ लिहीन.

१८ मार्च, मंगळवार

मोठ्या बाईंनी पुन्हा बोलावलं. या वेळी मुलाला आत घेतलं. दोन रस्ते आहेत म्हणाल्या. एक — कागदावर सही करायची: हो, तो शब्द मी वापरला, चूक झाली, माफ करा. लेखी ताकीद आणि सोमवारपासून काम सुरू. दुसरा — नाही म्हणायचं. मग प्रकरण वर जाणार. किती महिने, सांगता येत नाही. तोवर काम नाही. आणि काम नाही तर इथे राहायच्या परवान्याचं काय, तेही सांगता येत नाही.

त्या वाईट नाहीत. पाणी दिलं मला. “माझा तुमच्यावर विश्वास आहे,” असंही म्हणाल्या म्हणे. “पण विश्वास लिहायला फॉर्मात जागा नाही.”

मी म्हटलं, सही करणार नाही.

घरी येताना बसमध्ये मुलगा म्हणाला, “आई, कागद आहे फक्त.”

“कागदावर काय लिहिलंय ते त्याला वाचायला देतील ना?”

“देतील.”

“मग?”

खिडकीतून बाहेर बघत बसला. लहानपणी रुसला की असाच बसायचा. त्याच्याही जिवाला घोर आहे, कळतं मला. सुनेचा परवाना, भाडं, सगळं एकाच्याच पगारावर. पण मी चार माणसांत खोटं कबूल करू? आईनं मला आयुष्यभर एकच गोष्ट सांगितली, त्या गोष्टीची शिवी झाली असं लिहून देऊ?

२० मार्च, गुरुवार

आज तो भेटला!

कपाटातले माझे डबे, स्वेटर आणायला गेले होते. मागच्या दारात तो ट्रॉलीचं चाक दुरुस्त करत बसलेला. मी उभी राहिले. इथल्या भाषेतले माझे चाळीसएक शब्द, त्यातले तीस साबण आणि चादरींचे! करणार काय?

ट्रॉलीतून एक उशी काढली. बाकड्यावर आडवी ठेवली. माझी आई, म्हटलं. पडल्याची खूण केली, कमरेवर हात ठेवून. मग उशीला हळूच कुशीवर वळवलं. पाठ पुसली. चादर घातली, कडा दुमडल्या. केस मागे सारतात तसा हात फिरवला. बहिणीला हे सांगत होते, म्हटलं, फोन कानाला लावून दाखवला. तो शब्द उच्चारला नाही. आईचा फोटो दाखवला.

तो बघत होता. हातातला पाना त्यानं खाली ठेवला.

सावकाश बोलला. निम्मं शब्दांतून कळलं, निम्मं तोंडाकडे बघून. तक्रार त्यानं केली नव्हती. इस्त्रीवालीनं ऐकलं आणि कळवलं. ऐकणाऱ्यानं कळवायचंच, असा नियम आहे. आणि माझी भाषा वेगळी, हे त्याला त्याच दिवशी जिन्यापर्यंत पोचताना कळलं होतं.

“पण दारात उभा होतो तेव्हा कळलं नव्हतं,” तो म्हणाला. छातीवर मूठ ठेवली. “सात वर्षांचा होतो. शाळेच्या जिन्यात पहिल्यांदा ऐकला. त्यानंतर हा शब्द आला की मी सात वर्षांचा होतो. काय करू?”

तो साठीला टेकलेला माणूस. आम्ही दोघं उशीकडे बघत बसलो.

मग म्हटलं, मी तुला एक नाव ठेवलं होतं. वाईट नव्हतं पण चांगलंही नव्हतं. माझ्या चाळीस शब्दांत हे बसेना. त्याला नाही कळलं. बरं झालं की वाईट, मला ठरवता येत नाही. त्याऐवजी त्याला त्याचं नाव म्हणायला सांगितलं. पाच वेळा म्हणवून घेतलं त्यानं माझ्याकडून. पाचव्यांदा बरं जमलं असावं. हसला.

मी निघताना तो म्हणाला, “आईला आता कसं आहे?” आणि, “मी ऑफिसात सांगतो. शुक्रवारी माझी सुट्टी आहे, सोमवारी सांगतो.”

किती दिवसांनी पोटभर जेवले.

२४ मार्च, सोमवार

मिटलं! मुलाचा दुपारीच फोन — “आई, मिटलं सगळं. उद्यापासून जा कामावर.” मी विचारलं, त्यानं सांगितलं ना ऑफिसात? मुलगा म्हणाला, “हो, असेल.” घाईत होता.

अंथरुणावर पडून आईच्या पाठीला झालेली जखमही सुकतेय. धाकटीशी आज दार उघडं ठेवून बोलले.

२५ मार्च, मंगळवार

कामावर. तो दिसला नाही. दुसऱ्या मजल्यावर काम असेल. उद्या भेटेल.

२७ मार्च, गुरुवार

पत्र आलं. घरी कुणी नव्हतं, मीच मुलाच्या शब्दकोशात बघत, बोट ठेवून एकेक शब्द लावला. दोन तास लागले. ‘तो शब्द त्या व्यक्तीस उद्देशून वापरल्याची आपण दिलेली लेखी कबुली आणि माफी मिळाली. तिची प्रत संबंधित व्यक्तीस देण्यात आली आहे. त्यांच्या विनंतीवरून त्यांची बदली दुसऱ्या इमारतीत करण्यात येत आहे.’ सोबत कबुली जोडली आहे. तारीख एकवीस, शुक्रवार. खाली माझी सही, मराठीत. मी केलेली नाही. माझ्या नावातल्या ‘ळ’ची दुसरी गाठ सुटलेली आहे. ती तशी एकाच माणसाला येते. लहानपणी पाटीवर हात धरून मीच गिरवून घेत होते, तरी जमली नव्हती त्याला.