आरशावरचं कात्रण

अमारिलो, ९ जून १९६१

प्रिय बाबा,

मी मजेत आहे. आईला सांगा, जेवण पोटभर मिळतं. टीमचा मॅनेजर हल्ली माझ्याशी फारसा बोलत नाही, पण त्याचा स्वभावच तसा.

तुम्ही आपल्या सलूनच्या आरशावर लावलेलं माझ्या बेसबॉल मॅचचं कात्रण वाचून व्हर्नकाका म्हणाले ना, "सात धावा दिल्या, पोराला घरी बोलव"? त्यांना सांगा, त्या दिवशी टोप्या उडवणारा वारा होता. साधे झेलसुद्धा कुंपणापार गेले. मी गुडघ्याजवळ टाकलेला चेंडू अंपायरने एकदाही स्ट्राइक, म्हणजे बरोबर टाकलेला, मानला नाही.

कात्रण काढू नका. शेजारी पेन्सिलीने वारा लिहा, अंपायर लिहा.

काल मी एकही धाव दिली नाही. वारा उलटा फिरला होता. तेही लिहा.

मी घरी येत नाही.

तुमचा,
लाइल