गेणूला मारलेली हाक

लडाख, सोमवार

ती. आत्याबाई,
तुमच्या पायांवर डोकं ठेवते.

आम्ही मायलेकी सुखरूप आहोत. थंडी आहे, पण राजलक्ष्मी मला दोन स्वेटर घालायला लावते. तुमचा गुडघा कसा आहे? शेळी व्याली का?

राजलक्ष्मीच्या केंद्रातलं यंत्र आपला आवाज उजेडावर बसवून दूरच्या ताऱ्याकडे धाडतं. बावीस वर्षांपूर्वी धाडलेल्या सुरांना परवा तिकडून उत्तर आलं. मोठमोठे शास्त्रज्ञ मटकन खाली बसले. मी नुसते हात जोडले.

मग इथल्या प्रत्येकाला आपल्या भाषेत एक वाक्य धाडायला सांगितलं. मला तुमचा लेकच आठवला. लग्नातल्या उखाण्यानंतर मी त्यांचं नाव कधी घेतलं नव्हतं, ते गेल्यावरही नाही. कसं घ्यावं कळेना. शेवटी तुम्ही बांधावरून मारायचात तशीच हाक मारली, "गेणू, भाकर निवती, ये रं."

बाहेर आल्यावर धास्तावले. राजलक्ष्मीला विचारलं, "परत बोलावता येईल का? तुझी आजी रागवंल."

"आई, ती हाक कवाच चंद्राच्या पुढं गेली. अजून अकरा वर्षं चालणार हाय."

रागवायचं तर खुशाल रागवा, आत्याबाई. पण तिकडे जो कुणी ऐकेल, त्याला तुमच्या लेकाचं नाव कळेल.

तुमची सून,
द्वारका