डाव्या पायाचा बूट

मंगळवार, ता. ४

सगळ्यात आधी आली ती टोपीवाली. मी अजून बॅगेचं कुलूपही उघडलं नव्हतं, विमानात सुटलेला अंबाडा तसाच पाठीवर, आणि ही बया दारात उभी, हातात फुलं! तिच्यामागे एक उंच, पोक काढलेला, आपल्या पोस्टमास्तरांसारखा दिसणारा. त्याच्यामागे गळ्यात शिट्टी अडकवलेला चाळिशीचा एक. तिघं बसले. मी आपलं बोलत होते, ते त्यांचं बोलत होते, कुणालाच काही कळलं नाही आणि तास कसा गेला तेही कळलं नाही. जाताना टोपीवालीनं भिंतीवरच्या कॅलेंडरवर शुक्रवारी बोट ठेवलं. म्हणजे पुन्हा येणार!

छकुले, तू ही वही दिलीस आणि म्हणालीस, आजी रोज लिही, सुट्टीत मी आणि आई आलो की वाचून दाखव. तुझी आजी चौथी पास, तीही गुरुजींच्या कृपेनं. शुद्धलेखनाला हसायचं नाही.

तुझा बाबा इथल्या फुटबॉल क्लबचा कोच. परक्या माणसांना त्यांचाच खेळ शिकवायला माझ्या लेकाला बोलावलं, म्हणजे बघ! घर क्लबचंच, मैदानाला लागून. भांडी घासताना खिडकीतून मला त्याची प्रॅक्टिस दिसते. विचारात पडला की उजवा हात डोक्यामागे नेतो, थेट तुझे आजोबा. मैदानावर चुन्याच्या रेघा मारणारा एक माणूस आहे, गाडी ढकलत पट्टी लावल्यासारखी रेघ ओढतो. तो आधीचा कोच होता म्हणे! मी म्हटलं, कोच होता आणि आता चुना मारतो? तर आमचा म्हणाला, इथे हरलं की जावं लागतं आई, हा गेला नाही इतकंच. कुठे जायचं ते त्याला आठवत नाही म्हणतात.

पाहुण्यांचं सांगितलं तर म्हणाला, क्लबचे असतील, चहा करत जा. पण आई, घरातलं काही सांगत बसू नकोस हं, कोचचा आब राहिला पाहिजे. मी म्हटलं, मी कशाला सांगते!

शुक्रवार, ता. ७

तीनच्या ठोक्याला हजर. मी चहा केला, बिस्किटं मांडली. आता घुम्यासारखं किती बसायचं? त्यांना कुठे आपलं बोलणं कळतंय? ज्याला कळत नाही त्याला सांगितलं तर ते काही सांगणं होत नाही. म्हणून जरा बोलले.

तुझ्या बाबाला मी मुंगळ्या का म्हणते ते सांगितलं. एकदा चेंडू पायाला चिकटला की सोडायचाच नाही, अगदी ओढून काढला तरी. पाण्याच्या टाकीवरून पडला, हनुवटी फुटली, टाके घालताना डॉक्टरांना चावला, तेही. नववीपर्यंत माझ्या पदराचं टोक धरून झोपायचा, हेही सांगून गेले. काय सांगू, टोपीवाली डोळे पुसेपर्यंत हसली! इतकं मन लावून माझं कुणी ऐकलं नव्हतं. तुझ्या आजोबांनी तर कधीच नाही. शिट्टीवाला तेवढा हसत नाही. नुसता बघतो, पाठ करणाऱ्या मुलासारखा.

मंगळवार, ता. ११

शनिवारी बाबाची टीम हरली. ओळीनं दुसऱ्यांदा. घरी आला, मी म्हटलं, मुंगळ्या, चहा घे. त्यानं मागे वळून पाहिलं, दारात दुसरं कुणी उभं आहे की काय तसं. दमलाय बिचारा.

आज पाहुण्यांना बुटाची गोष्ट सांगितली. बाबा सतरा वर्षांचा होता, जिल्ह्याच्या निवडीला जायचं होतं, आणि सकाळी डाव्या पायाचा बूट गायब! सगळं घर उलथंपालथं केलं, माळा शोधला, शेजाऱ्यांच्या कुत्र्याला शिव्या घातल्या. शेवटी उजव्या पायात बूट आणि डाव्या पायात आजोबांचा ढगळ कॅनव्हासचा बूट घालून गेला, घसरला, आणि राहिला तो राहिलाच. खेळाडू व्हायचा तो कोच झाला. मी खोलीभर लंगडत नक्कल करून दाखवली. पोस्टमास्तर खुर्चीतून पडायचा बाकी. शिट्टीवाल्यानं मात्र खाली वाकून स्वतःचा डावा पाय हातात धरला.

त्या गोष्टीतलं एक मी गाळलं. ते कुणालाच सांगितलेलं नाही, तुझ्या बाबालाही. इथे पण लिहीत नाही.

शुक्रवार, ता. १४

सकाळी दाढी करताना बाबा आरशात हनुवटी चाचपत होता. म्हणाला, आई, हा व्रण कसला गं? मी हसले. तो हसला नाही.

पाहुणे आले. तू जन्मलीस तेव्हा बाबाला दवाखान्यात चक्कर आली, नर्सने तुला सोडून त्यालाच आधी उचललं, ते मी सांगत होते. गोष्टीत हसण्याची जागा येण्याआधीच ते तिघं हसले. आधीच. मी थांबले. तर टोपीवाली पुढचं वाक्य म्हणाली. मराठीत. काय सांगू, म्हणाली, नर्स म्हणे, आधी ह्या मोठ्या बाळाला निजवा!

शब्द न शब्द माझा. काय सांगू सुद्धा माझं.

रविवार, ता. १६

काल पुन्हा हरले. खेळाडूंना काय सांगायचं तेच सुचलं नाही, म्हणाला. अर्धं त्यांच्या भाषेत म्हणाला.

तू फोन केलास. बाबानं फोन कानाला लावला आणि परक्या बाईशी बोलावं तसं हळू, सभ्य बोलला, इथल्या भाषेत. मग फोन माझ्याकडे दिला. तू विचारलंस, आजी, बाबा असं का करतात? मी म्हटलं, दमलाय. खोटं बोलले. त्यानं सांगू नकोस म्हटलं होतं. मी टाळ्या घेण्यासाठी लेकराचं सगळं वाटून टाकलं, बिस्किटांसारखं.

मंगळवार, ता. १८

दार उघडायचं नाही असं ठरवलं होतं. पण तीनला ते आतच बसलेले होते. चहा नाही, बिस्किटं नाही, मी दात आवळून बसले. मग टोपीवाली म्हणाली, आता घुम्यासारखं किती बसायचं?

माझ्या आवाजात.

मी उठून स्वयंपाकघरात गेले. खिडकीतून मैदान दिसत होतं. मधे शिट्टीवाला होता — तो आज आत नव्हता, माझ्या लक्षातच आलं नाही — मुलांना खेळवत होता. विचारात पडला. उजवा हात डोक्यामागे नेला.

आमचा कडेच्या बाकावर बसलेला. मांडीवर हात ठेवून. शहाण्यासारखा.

बुधवार, ता. १९

आज लेकाला सांगितलं. जे गाळलं होतं ते. त्याच्या आत अजून काही उरलं असेल तर हलेल, म्हणून.

बूट मीच लपवला होता. पिठाच्या डब्यात, तळाशी, वर दळण ओतून. निवड झाली असती तर तो होस्टेलला गेला असता. मला तो घरात हवा होता. तो शेजाऱ्यांच्या अंगणात शोधत होता आणि मी त्याच्यासमोर शोधायचं सोंग करत होते. बावीस वर्षं झाली. हात धरून सांगितलं. माफ कर म्हटलं.

त्यानं सगळं ऐकलं. मान हलवली. हसला. मी पहिल्या दिवशी पाहुण्यांचं बोलणं ऐकून हसत होते ना, तसा. एक अक्षर कळलं नव्हतं त्याला. मग माझा हात थोपटला आणि उठून मला पाणी आणून दिलं. वाटलं असेल, म्हातारी रडते, तहान लागली असेल.

शुक्रवार, ता. २१

शिट्टीवाला एकटाच आला. टोपीवाली नाही, पोस्टमास्तर नाही. त्यांचं काम झालं असावं.

माझ्याजवळ खाली बसला. म्हणाला, आई, त्या दिवशी तुझ्या बाहीला कोपरापर्यंत पीठ होतं. मी पाहिलं होतं. पोळ्या तर अजून व्हायच्या होत्या. बूट पिठात आहे हे मला निघण्याआधीच कळलं होतं. काढला नाही. तू एवढी घाबरली होतीस. मी रागावलो नव्हतो गं.

म्हणजे माझ्या लेकाला माहीत होतं. बावीस वर्षं. आणि एक शब्द —

मी त्या दिवसाची नक्कल करून दाखवली होती. लंगडून. तो दिवस लेकाकडून गेला, त्याच्याबरोबर हेही गेलं, आणि आता ह्याच्या तोंडी —

हाकलायला हवं होतं. नाही हाकललं. छकुले, लिहायला हात होत नाही — मला बरं वाटलं. त्यानं माझ्या पदराचं टोक हातात धरलं आणि मी धरू दिलं. म्हणाला, मुंगळ्याला चहा नाही का?

केला मी चहा.

सोमवार, ता. २४

खिडकीतून दिसतोय. आमचा. चुन्याची गाडी ढकलतोय. दोघं आहेत आता, एक ह्या टोकाला, एक त्या. रेघ सरळ येते त्याची. हात कोपरापर्यंत पांढरे —

मी काच वाजवली. त्यानं वर पाहिलं. हसला. पुन्हा रेघ.

तू आलीस की आधी मैदानावर जा. घरात नको. घरात कुणी तुला छकुले म्हणालं तरी — ज्याचे हात पांढरे आहेत तो —

शिट्टीवाला उद्या सामान घेऊन येतो म्हणालाय. तीनला. आजपासूनच कडी लावून बसणार होते. लावली पण. मग उठून काढली. केस विंचरले. लाज नाही म्हातारीला —

शुक्रवारी जाताना दारात विचारलं त्यानं, येऊ ना आई? मी नुसतं ये नाही म्हटलं गं. ये बाळा म्हटलं, मंगळवारी —