दिवा काढून कोरलेला मुखवटा

कानाझावा, ६ नोव्हेंबर १९३३

प्रिय दादा,

वाकून नमस्कार. ओसाकाची हवा तुला मानवत असेल. इथे आईने पर्सिमनची फळं सोलून ओसरीवर वाळत टांगलेत आणि कावळ्यांशी तिचं रोज भांडण चाललंय. वसंतात तू बाबांसाठी पाठवलेला विजेचा दिवा उत्तम आहे. म्हणजे, लागतो उत्तम.

आता खरं सांगते. त्या दिव्याखाली बाबांनी तरुणीचे तीन मुखवटे कोरले. ‘नो’ या मुखवटानाट्याचे म्हातारे नट मिझुकामी गुरुजी, त्यांनी तिन्ही परत केले. "तोगाशी, हे लाकूड आहे, बाई नाही," म्हणाले. "माझे डोळेच गेले," असं म्हणून बाबांनी छिन्न्या गुंडाळून ठेवल्या. चौथाही परत आला असता, तर पाच पिढ्यांचं काम दुसऱ्याच्या दारी जाणार होतं. तुला कळवायला जीव धजावला नाही.

चौथा मी कोरला. बाबा ओरडले, "हे बायकांचं काम नाही!"

"मग घ्या काढून छिन्नी," मी म्हटलं. त्यांनी घेतली नाही.

आधी मी देवळातल्या रंगमंचापाशी दुपारभर बसून राहिले. तिथे भोवती पांढरी खडी पसरलेली असते ना, ऊन तिच्यावर पडतं आणि खालून नटाच्या तोंडावर चढतं. आणि आपण कोरत होतो डोक्यावरच्या दिव्याखाली! सगळ्या सावल्या उलट्या पडत होत्या. घरी येऊन दिवा काढला, खिडकीखाली आईची पांढरी चादर अंथरली आणि त्या उजेडात गाल नि ओठ कोरले. रागावू नकोस.

कोणी कोरला ते न सांगता मुखवटा गुरुजींना दिला, आणि काल दुपारी प्रयोग झाला. गुरुजींनी मान जराशी उचलली आणि मुखवटा हसला. खाली झुकवली, तर अंगणातली माणसं डोळे पुसू लागली. दादा, माझं लाकूड रडत होतं! आईने माझा हात असा आवळला की अजून दुखतोय.

नंतर गुरुजी मुखवटा दोन्ही हातांत धरून आले. "काय तोगाशी, परत आले ना डोळे?"

"माझे नव्हेत," बाबा म्हणाले, "पोरीचे आहेत."

घरी येऊन त्यांनी घराण्याचा लोखंडी शिक्का तापवला आणि माझ्या हातात दिला. मुखवट्याच्या आतल्या बाजूला तो मीच उमटवला. आज सकाळी बाबांनी स्वतःच्या छिन्न्याही धारेला लावल्यात.

तुझा दिवा स्वयंपाकघरात आहे. तांदळातले खडे आता लख्ख दिसतात, म्हणून आई तुला रोज दुवा देते.

तुझी धाकटी बहीण, आणि कालपासून तोगाशी घराण्याची सहावी मुखवटेकार,
इत्सुको