शुक्रवारपर्यंतची मुदत

तल्ल अस्वद, दियाला
८ मे २००४

प्रिय ताईस,
सलाम वि. वि.

कप ओठांना लागला तेव्हा लक्षात आलं, की बैठकीत दुसऱ्या कुणीच कप उचललेला नाही. तोवर घोट घशाखाली गेला होता.

आम्ही काल हाजी अफ्तानच्या घरी होतो. मधे आपले शेख मिझहिर, त्यांच्या उजव्या हाताला मी, मागे आपल्यातले वडीलधारे. समोर हाजी, म्हणजे मयत दहामचा बाप, आणि दहामचा भाऊ. कॉफी फिरली. शेखने आपला कप पुढ्यात जमिनीवर ठेवला, बाकीच्यांनीही ठेवला. मागणं मान्य करा, मग पिऊ, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही कळतं. मी प्यायलो.

शेख तोंड उघडणार तेवढ्यात हाजी अफ्तान उठले. आवाज चढवला नाही. म्हणाले, की पाहुण्यांनी कॉफी घेतली, म्हणजे त्यांचं काही मागणं नाही, नुसते भेटायला आले होते. आमच्या घराचा मान राहिला. आता ऊन वाढायच्या आत निघावं.

गाडीत शेखनी मला विचारलं, मेजर, तुझी बायको घरी तुला कॉफी देत नाही का. मागच्या सीटवर कुणीतरी हसलं. जॉर्डनमधल्या पोलीस शिबिरात सकाळी हातात कागदी कप द्यायचे. तो पीत पीत बॉम्ब, मुडदे, नकाशे, सगळं ऐकायचं. आठ आठवडे तेच केलं. हात आपोआप वर गेला असेल. मला त्या क्षणाचं काहीच आठवत नाही.

मुहन्नदने तुला किती कळवलं मला माहीत नाही, म्हणून लिहितो. कालव्याच्या पुलावर आमचा नाका आहे. तुझा मुलगा पुढे उभा होता. दहाम पिकअपमधून बर्फाच्या लाद्या घेऊन आला. मुहन्नदने शिबिरात शिकवल्याप्रमाणे मूठ वळून हात वर केला. परक्यांच्यात त्याचा अर्थ थांबा. आपल्याकडे कुणाला थांबवायचं तर बोटं जुळवून दाखवतात, हे शिबिरातल्या कुणालाच माहीत नव्हतं, आणि आम्हीही बोललो नाही. दहामने काचेतून तशीच मूठ वर केली. त्याला वाटलं असेल पोरगा सलाम करतोय. गाडी थांबली नाही. मुहन्नदने गोळी झाडली. बर्फाचं पाणी संध्याकाळपर्यंत पुलावरून वाहत होतं.

आमच्या परक्या सल्लागाराने गोळीबार नियमानुसार असा शेरा मारला आणि मला सांगितलं, की प्रकरण मिटलं. हाजी अफ्तानकडच्यांना तो शेरा कोण वाचून दाखवणार? त्यांच्या लेखी मारणारं सरकार नाही, मारणारा माझा भाचा आहे. आधी ठरलेली मुदत मात्र ते पाळणार आहेत. एकवीस तारखेच्या शुक्रवारच्या नमाजपर्यंत ते हात उचलणार नाहीत. भरपाई ठरवून कायमचा तह व्हावा, एवढंच मागायला आम्ही गेलो होतो. आता पुन्हा जायची सोय राहिली नाही.

फोन अजून बंदच आहेत. शाकिर ड्रायव्हरबरोबर पत्र पाठवतो. नुहाद सलाम सांगते.

आहे तो लोभ कमी करू नये.
तुझा,
गझवान


बसरा
११ मे २००४

चि. गझवान यास,
अ. उ. आ.

पत्र पोचलं. शाकिर दारात उभा आहे, त्याला खजुराची क्लेचा बिस्किटं दिलीत आणि बस म्हटलंय. तो म्हणतो बाई घाई करा, अंधार पडला की रस्ता माझा नाही.

तुझ्या सल्लागाराला सांग, तो शेरा चौकटीत लावून मुहन्नदच्या गळ्यात बांधू. तो बघून हाजी अफ्तानची पोरं पळतील बहुतेक. मी चिडलेली नाही. चिडायला बसून श्वास घ्यावा लागतो, इथे माझ्या दोन्ही वर्गांच्या परीक्षा चालू आहेत आणि शाळेच्या खिडक्यांना काचा नाहीत. पण तुला मेजर म्हणून मी लग्नात मिरवलं होतं. तोच मेजर दुसऱ्याच्या घरी बसून घटाघटा कॉफी पितो. शाळेतल्या पोरींना सांगितलं तर हसतील.

आता नीट वाच. मुहन्नदला शाकिरबरोबर माझ्याकडे पाठव. इथले बंदुकवाले त्याला सोडणार नाहीत म्हणून मीच त्याला तुझ्याकडे धाडलं होतं, हे मला आठवतं. भरतीत घे, सरकारी कपडे अंगावर असले की कुणी हात लावत नाही, हेही मीच लिहिलं होतं. ते बाजूला ठेव. त्याला परत पाठव.

वरची ओळ लिहून मी उठून चहा टाकून आले. तुला मुलगा नाही. मुहन्नद गावात नसला तर हाजी अफ्तानची पोरं कुणाच्या दारात येतील, हे मला कळतं. तरी लिहिते, पाठव. मला क्षमा करू नकोस, फक्त पाठव.

वाळलेली लिंबं पुडीत आहेत. नुहादला म्हणावं, रश्श्यात फोडून घाल, अख्खी टाकलीस तर चव उतरत नाही.

ताईवरची माया असू दे, तेवढी पुरते.
तुझी,
बदीआ


तल्ल अस्वद
१४ मे २००४

प्रिय ताईस,
सलाम वि. वि.

तुझं पत्र त्याला वाचायला दिलं. त्याने घडी करून परत दिलं आणि तो बूट पुसायला बसला.

मग म्हणाला, मामा, मी पळालो तर खुनी ठरेन. थांबलो तर निदान पोलीस तरी राहीन. मी म्हटलं, शहाण्या, थांबलास तर मेलेला पोलीस राहशील. तो म्हणाला, तेही एक काम आहे. मला त्याच्या कानाखाली वाजवायची होती. हात उचलला गेला नाही. हल्ली माझ्या हाताचं मला कळतच नाही.

त्याच्या बरोबरची पोरं त्याच्याकडे बघत असतात. नवं दल उभं करायचं म्हणजे काय, तर ही पोरं रोज सकाळी येतील एवढं बघायचं. येताना शर्ट पिशवीत, टोपी पोटाशी. शेजाऱ्यांना सांगतात बेकरीत कामाला आहे. माझं जुनं सैन्य एका सकाळी हुकमाने संपलं, तेव्हा आम्ही घरी जाऊन झोपलो. या पोरांना कुणी हुकूम द्यायची गरज नाही. ती मुहन्नदचं काय होतं तेवढं बघताहेत. गणवेश एकाला वाचवतो का, बस.

सल्लागाराने आमच्या घरावर पहारा द्यायचं म्हटलं. पहाऱ्यालाही हीच पोरं. मी नको म्हटलं.

तू पाठव म्हणालीस, मी पाठवायला तयार होतो, हे नोंदवून ठेव. माझ्या नावाचा विचार करून मी त्याला थांबवून ठेवलं नाही. आता शुक्रवारची वाट बघायची. इथे सगळे नीट जेवतात. मुहन्नद दोनदा भात घेतो.

लिंबं फोडून घातली. बरी लागली.

मनात जागा ठेव.
तुझा,
गझवान


हाजी अफ्तान यांचं घर, तल्ल अस्वद
२० मे २००४

चि. गझवान यास,
अ. उ. आ.

वरचा पत्ता बरोबर आहे. तुझ्या दारापासून तीन गल्ल्यांवर बसून लिहिते आहे. पत्र इथली एक सून आणून देईल, तिला काही विचारू नकोस आणि इकडे येऊ नकोस. यावेळी तरी ऐक.

काल दुपारी शाकिरने मला बाजारात उतरवलं. मी तुमच्याकडे न येता सरळ इथे आले. दार उघडं होतं. पुरुष बाहेर होते. स्वयंपाकघरात दहामची आई तंदूरपाशी बसली होती. मी तिच्यासमोर तंदूरची कड दोन्ही हातांनी धरली आणि म्हटलं, मी तुमच्या आश्रयाला आले आहे, माझं नाव बदीआ, पुलावरच्या पोराची मी आई. कड गरम होती. थोड्या वेळाने तिने माझे हात उचलून बाजूला ठेवले आणि पिठाचा गोळा माझ्याकडे सरकवला. मी भाकऱ्या थापल्या.

तुम्ही पुरुष मागणं घेऊन जाता तेव्हा कप, शेख, बैठक लागते. आश्रय मागायला उंबरठा लागतो, आणि तो शत्रूचाही चालतो. आल्याला हाकललं तर घराचं नाव जातं. हे मी धूर्तपणाने केलं असं तुला वाटेल. मी ते ठरवलंही नव्हतं. मोटारीत बसले होते, उतरले, चालत आले.

दहामच्या धाकट्या भावाने संध्याकाळी बायकांवर तोंड टाकलं. ही बाई आमच्या घरात कुणी घेतली, उद्या तिचा पोरगाही जेवायला येईल. दहामची आई आतून म्हणाली, की तुझ्या भावाच्या मयतीला तू जेवायला कमी नव्हतास.

रात्रीपासून ती माझ्याशी तीन गोष्टी बोलली. दहामला भेंडी आवडायची नाही. बर्फ उचलून त्याच्या खांद्याला गारठा धरायचा. आणि आज सकाळी, की तुझ्या पोराला जीव मिळेल, पण ते कपडे घालून तो आमच्या पुलावर उभा दिसायचा नाही, या गावातही दिसायचा नाही. तिने नवऱ्याला हेच सांगितलं आहे. त्याने ऐकून घेतलं आणि तो हात धुवायला गेला. उद्या नमाजच्या आधी मुहन्नदला घेऊन ये. येताना काही खाऊ-पिऊ नकोस, एवढी बहिणीची विनंती.

माया करत राहा.
तुझी,
बदीआ


तल्ल अस्वद
शुक्रवार, २१ मे २००४

प्रिय ताईस,
सलाम वि. वि.

तुम्ही दोघं शाकिरच्या गाडीत बसून गेलात त्याला तासही झाला नसेल. बैठकीत तुझ्याशी बोलता आलं नाही, म्हणून लगेच लिहितो. पुढच्या फेरीत मिळेल.

हाजी अफ्तानने सगळ्यांसमोर दोन वाक्यं सांगितली, पोराला जीव दिला, पण त्याने गणवेश आणि गाव सोडायचं; तू पडद्यामागून ऐकलीस. मुहन्नदने शर्ट तिथेच उतरवला. बनियनवर उभा होता तेव्हा फार बारीक दिसला. हाजींनी एक जुना कोट त्याच्या अंगावर टाकायला लावला, गावातून असा जाऊ नये म्हणाले. कोट दहामचा होता हे मला नंतर कळलं. तुला आधीच कळलं असेल.

शेख मिझहिर मला म्हणाले, मेजर, तुझ्या बहिणीला भरतीत घे. मी हसलो असेन.

शर्ट आणि टोपी मी चौकीत नेऊन कोठारात ठेवली. बाकीची पोरं अंगणात होती. सल्लागार खुशीत होता, म्हणाला की तुमच्या लोकांनी हे आपसात मिटवलं ही फार चांगली गोष्ट. मी होय म्हटलं. एकाला गणवेशाने वाचवलं नाही, गणवेश उतरवल्यावर तो वाचला. पोरांनी हे बघितलं आहे.

पोचलात की मुहन्नदला दोन ओळी लिहायला सांग. त्याला म्हणावं मामा रागावलेला नाही. मला नेमकं काय वाटतं ते कळलं की तेही लिहीन.

लोभ राहू दे.
तुझा,
गझवान

ता. क. शनिवार. आज सकाळी चौकी उघडली तेव्हा माझ्या टेबलावर घडी घातलेले शर्ट होते, एकावर एक. कुणी आलं नाही. मी पुलावर जाऊन एकटाच उभा राहिलो. बोटं जुळवून हात वर करत होतो. गाड्या थांबत होत्या.