तुझ्या पत्राचं पहिलं पान

सेम्बावांग, सिंगापूर
रविवार दुपार

प्रिय एलिजा,

अभिनंदन. हा एक शब्द लिहायला मला तीन कागद लागले, हे आधीच सांगून टाकतो. फोनवर मी ते म्हटलं होतं, पण फोनवर काय, तोंडातून काहीही निघतं. एक तारखेपासून तू इथल्या त्या मोठ्या संस्थेत सिनियर फेलो होणार, भारत-इस्रायल संबंधांवर लिहिणार, बोलणार, मंत्रालयातली माणसं तुझं मत विचारायला येणार. मी व्हॉट्सअ‍ॅप सोडून कागद घेतला, कारण तिथे पाठवलं तर निळ्या खुणा उमटल्या का ते बघत दिवसभर बसेन. शिवाय आपण एकमेकांना जे खरं सांगितलं ते कागदावरच सांगितलं. निदान तू तरी.

तर खरं हे, की मला तुझा हेवा वाटतो. आजकालचा नाही, गेल्या पंचवीस वर्षांचा. मेधाला वाटतं मी तुझ्याबद्दल बोलताना तुसडा होतो तो कामाच्या थकव्याने. रोज सकाळी कंपनीच्या बसने सेम्बावांगहून तुआसला जायचं, दिवसभर दुसऱ्यांच्या जहाजांच्या इंजिनात डोकं घालायचं आणि परत यायचं, म्हणजे थकवा येतोच. पण थकलेला माणूस झोपतो, तुझे व्हिडिओ शोधून शोधून बघत नाही.

रोह्यातली ती दोन वर्षं आठव. फौजेचं वेड माझं होतं, तुझं नव्हतं. पहाटे मी कुंडलिकेचा पूल ओलांडून पलीकडे अष्टमी गावात यायचो, तुझ्या खिडकीवर खडा मारायचो आणि तू डोळे चोळत, मला शिव्या घालत, नुसता सोबत म्हणून धावायला यायचास. मी वहीत वेळा लिहायचो, तू वाटेत चिंचा पाडायचास. भोपाळला मी निवडीसाठी दोनदा गेलो. पाचव्या दिवशी निवडलेल्यांचे छातीवरचे नंबर पुकारतात आणि बाकीच्यांना स्टेशनच्या बसमध्ये बसवतात. दोन्ही वेळा मी त्या बसमध्ये होतो. दुसऱ्यांदा परत आलो त्याच आठवड्यात तुमचं इस्रायलला जायचं ठरलं. तुझ्या आईने निरोपाचा मलिदा केला होता, गोड पोहे, खोबरं, वर फळांच्या फोडी, आणि तुझे काका एलियाहू हन्नबी या तुमच्या ज्यू प्रेषिताचं गाणं म्हणून झाल्यावर सहज म्हणाले, एलिजाला आता तिकडे फौजेत जावंच लागणार, सक्तीच असते. मी मलिदा दोनदा मागून घेतला. तोंड भरलेलं असलं की काही बोलावं लागत नाही.

मी ज्याच्यासाठी बूट झिजवले ते तुला नुसतं घर बदलल्याने मिळालं. हे मी तेव्हा कुणाला बोललो नाही. तुला स्टेशनवर सोडायला आलो, तुझी वळकटी मीच उचलली, आणि गाडी हलली तेव्हा मला रडू आलं ते तू जातोस म्हणून आलं असं सगळ्यांनी समजून घेतलं.

मग तुझी पत्रं. मेधाने ती सगळी वाचली आहेत, तुला माहीत नसेल. लग्नानंतर पहिल्या वर्षी मी सात महिने जहाजावर होतो. ती रोह्याला माझ्या आईकडे एकटी कंटाळायची, तेव्हा तिला कपाटात तुझा गठ्ठा सापडला. मी परत आलो तर तिला तुझ्या अश्दोदच्या घराचा जिना, तुझा सार्जंट, तुझ्या आईचं हिब्रूशी चाललेलं भांडण, सगळं पाठ. ती म्हणाली, तुझ्या मित्राला लिहिता येतं. मला कधी कुणी असं म्हटलेलं नाही.

पुढचं तुझं मी दुरून बघत आलो. फौज सुटल्यावर तू विद्यापीठात गेलास. मग राखीव सैनिक म्हणून लेबनॉनच्या लढाईत बोलावणं आलं, तुझ्या शेजारी बसलेला मुलगा गेला, आणि तू लिहिलंस की आता गप्प बसवत नाही. आधी मुंबई-पुण्याच्या कॉलेजांतून भाषणं, मराठीतून, हसवत हसवत: आमचे पूर्वज कोकणच्या किनाऱ्याला लागले, तेल गाळायचे, शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून शनवार तेली झाले, आणि एवढ्या शतकांत आम्हाला इथे कुणी दगड मारला नाही. मग दिल्लीत समित्या, ठिबक सिंचन, संरक्षण करार, जाडजूड अहवाल. तुला शत्रूही मोठमोठे मिळाले. टीव्हीवर कुणीतरी निवृत्त राजदूत तुझ्यावर तावातावाने तुटून पडला होता, ते मी चार वेळा बघितलं. माझ्यावर आजवर फक्त यार्डातला फोरमन ओरडला आहे.

मार्चमध्ये तू इथे व्याख्यानाला आलास तेव्हा मी यार्डात अडकलोय असं कळवलं. अडकलो नव्हतो. घरात बसून टीव्हीवर जुनी क्रिकेट मॅच बघत होतो. मेधा आणि गार्गी गेल्या. गार्गी तुला आठवत असेलच, ती पोरगी कुणाला विसरू देत नाही. गाझावरून ती तुझ्याशी तासभर भांडली. मेलेल्या लेकरांचे आकडे तिने तुझ्यासमोर ठेवले, तुझे मुद्दे तिला पटले नाहीत, अजून पटत नाहीत. पण घरी आली ती गाल लाल करून, आणि बूट काढता काढता मला तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, “ही लिसन्ड, बाबा. प्रॉपर्ली लिसन्ड. यू नेव्हर डू, ला.” मी टीव्हीचा आवाज वाढवला. एलिजा, नोकरी, मान, टाळ्या, सगळं तुझं तुला लखलाभ. पण माझी मुलगी माझ्या घरात येऊन तुझं कौतुक करते, तेही तुझ्याशी भांडून, हे मला गिळता आलं नाही.

त्याच आठवड्यात त्या संस्थेने तुझं नाव जाहीर केलं. खाली लिहिलं होतं, माजी पायदळ सैनिक. मी कपाट उघडलं.

ते तुझं तिसरं पत्र. पहिल्या पानावर तू लिहिलं होतंस, निशी, तुला वाटत असेल मी बंदूक घेऊन उभा आहे, तर आठ महिने झाले मी बटाटे सोलतोय. भाषा येत नाही म्हणून भटारखान्यात टाकलंय. आईला पाठवलेल्या फोटोतली बंदूक दुसऱ्याची आहे, कुणाला सांगू नकोस. एवढंच पान मी घेतलं. वरची तारीख आणि माझं नाव कापलं, फोटो काढला, नवीन ईमेल उघडला आणि संस्थेला पाठवला: हा माणूस स्वयंपाकी होता, सैनिक म्हणून मिरवतो, अशा माणसाच्या शब्दावर धोरणं ठरणार का, आणि अशा दिवसांत, जेव्हा इतकी माणसं मरताहेत. शेवटचं वाक्य लिहिताना मला मी फार सज्जन वाटलो. गार्गीसारखी माणसं तुझ्याविरुद्ध बोलतात ती त्या मेलेल्यांसाठी बोलतात, आणि तुला तोंडावर सांगतात. मी त्यांचं दुःख उसनं घेतलं आणि पाठीमागून वापरलं. खरं विचारशील तर त्या युद्धाबद्दल मला धड मतही नाही. मला फक्त तुझ्याबद्दल मत होतं.

माझी हुशारी बघ. मला वाटलं, सिंगापुरात मराठी अक्षर कोण ओळखणार. संस्थेने भाषांतरासाठी इथल्या मराठी मंडळाला विचारलं, एक जुनं पान आहे, गोपनीय आहे, भरवशाचं माणूस द्या. मंडळाने हौगांगला रविवारचा मराठी वर्ग घेणाऱ्या बाईंचं नाव दिलं. म्हणजे माझ्या बायकोचं.

मी कामावरून आलो तेव्हा ती जेवणाच्या टेबलाशी बसली होती. समोर छापून काढलेलं तुझं पान, शेजारी तिने केलेलं भाषांतर, स्वच्छ, एकही शब्द इकडचा तिकडे नाही. ती ओरडली असती तर मला बरं पडलं असतं. ती म्हणाली, “मी खाली टीप लिहितेय की हे पत्र अर्धं आहे, दुसरं पान आहे. ते कुठे आहे हे मी लिहू, की तू जाऊन देतोस?” आणि कुकर लावायला उठली.

दुसऱ्या पानावर काय होतं ते तुला आठवतंय ना? तू लिहिलं होतंस की तीनदा अर्ज केला, रात्रशाळेत हिब्रू शिकलास, आणि पुढच्या रविवारपासून पायदळात जातोयस. भीती वाटते, असंही लिहिलं होतंस. हे तुलाच सांगतो निशी, कारण माझ्या जागी तू असतास तर तुला भीती वाटली नसती, असा माझा विश्वास आहे. तेवीस वर्षं ती ओळ माझ्या कपाटात होती. माझ्याबद्दल इतकं चांगलं कुणी कधी लिहिलं नाही, आणि मी ती घडी घालून बाजूला ठेवली आणि वरचं पान पाठवलं.

दुसऱ्या दिवशी तुझा फोन आला. तू म्हणालास, नेमणूक थांबली आहे, कुणीतरी तक्रार केली आहे, त्या दिवसांतला मला ओळखणारा तूच आहेस, माझी जुनी पत्रं अजून असतील तर बघ ना. मी म्हटलं, बघतो. आणि मला सुटका दिसली. कबूल करायचंच नाही, नुसता मित्र म्हणून जायचं. अर्धा दिवस रजा काढून मी दुसरं पान घेऊन संस्थेत गेलो. तिथल्या बाईंनी दोन्ही पानं शेजारी शेजारी ठेवली, एकाच वहीतली, एकाच बाजूने फाटलेली, आणि माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिल्या. मला वाटलं शर्टाला ग्रीस लागलं असेल.

आठ दिवसांत तुझी नेमणूक पक्की झाली. तू फोन केलास, तू होतास म्हणून वाचलो म्हणालास. पहिल्या व्याख्यानाला मला पुढच्या रांगेत बसवणार, सगळ्यांना सांगणार की हा माझा मित्र. आणि मी, एलिजा, ते आभार घेतले. अरे त्यात काय, असं म्हणालो. दोन दिवस मी इतका खुशीत होतो की गार्गीला बाहेर जेवायला घेऊन गेलो आणि तिला सांगितलं, तुझा तो अंकल माझ्यामुळे येतोय.

आज सकाळी मेधा कोथिंबीर निवडत होती. मान वर न करता तिने विचारलं, “पहिलं पान दाखवल्याशिवाय त्यांनी एलिजाकडे खुलासा कसा मागितला असेल?” बस, एवढंच. मी बाल्कनीत जाऊन उभा राहिलो. त्यांनी तुला पान दाखवलंच असणार. अक्षर तुझं, आणि ते पत्र जगात एकाच माणसाला लिहिलेलं. म्हणजे तू पहिला फोन केलास तेव्हा तुला माहीत होतं. जुनी पत्रं असतील तर बघ ना, असं म्हणून तू मला वाट करून दिलीस, मी आलो, आणि तू माझे आभार मानलेस, म्हणजे मला कधी तोंड लपवावं लागू नये. यातही तूच वर राहिलास आणि मी खाली. म्हणून हे पत्र. तुला काही नवीन कळवायला नाही, तर जे तुला माहीत आहे ते माझ्या हाताने लिहायला: ते पान मी पाठवलं, जळफळाटाने पाठवलं, आणि त्यानंतर तुझे आभारही घेतले. गार्गीला मी आज जेवताना सांगितलं. ती अजून माझ्याशी बोललेली नाही. तुझं हे मुकाट माफ करणं मला झेपत नाही, मला त्याचाही हेवा वाटतो. तू ये, पण मला पुढच्या रांगेत बसवू नकोस. आधी घरी ये, दार लावून घे, आणि मला मराठीतून सणसणीत शिव्या दे.

तुझाच, नालायक असला तरी तुझाच,
निशिकांत