टीव्हीवरची थोबाडीत

सुपा, ४ नोव्हेंबर १९७३
मुंबईच्या टीव्हीने आमचा तीन अंकी फार्स घेतला! वीस मिनिटांत बसवायचाय. कापाकापी मीच केली. मालक (मी) गड्याच्या (गहिनीनाथच्या) थोबाडीत मारतो, तेवढं ठेवलं. बाकी पाल्हाळच होतं.

९ नोव्हेंबर
तालीम. गहिनीनाथ म्हणाला, मास्तर, जरा हळू मारा, दाढ हालाया लागलीय. त्याला समजावलं. जत्रेत शेवटच्या रांगेला आवाज जावा म्हणून मी खरी मारतो; आता तर मुंबईहून पुण्यापर्यंत पोचवायचाय. दाढ चाचपत जागेवर जाऊन उभा राहिला. पटलं असावं.

१० नोव्हेंबर, सकाळी
आजपासून राग बंद.

त्याच सकाळी, जरा वेळाने
चहा गार. कप भिंतीवर फेकला. हा राग नव्हे, भूमिकेची तयारी. बायकोला हे कळत नाही.

२१ नोव्हेंबर, मुंबई
शूटिंग. निर्माता म्हणे, हात गालाजवळ आणून थांबवा, आवाज आम्ही घालू. नाटक कशाशी खातात हे त्याला ठाऊक नाही! दिवे लागताच एक सणसणीत लावली. जत्रेत इथे हमखास वन्स मोअर येतो. स्टुडिओत प्रेक्षकच नाहीत. घरोघरी ओरडत असतील असं धरून आणखी दोन दिल्या. तिसरीला गहिनीनाथ खाली बसला तो उठेचना. कॅमेरावाला म्हणाला, राहू द्या, चेहरा फार खरा आलाय. माझा येणारच.

२२ नोव्हेंबर
एस.टी.त गहिनीनाथला काही चावता येईना. केळं दिलं. कलावंतांना जपावं लागतं.

८ डिसेंबर, पुणे
मेहुण्याकडे टीव्ही. निम्मं गाव आणलं. पुढच्या रांगेत माझी बायको नीलांबरी आणि गहिनीनाथची बायको चांगुणा. जत्रेत ही चांगुणा पार मागे बायकांत बसून पोट धरून हसते.

सुरू झालं. काचभर गहिनीनाथचं तोंड. माझा नुसता हात! नीलांबरी म्हणाली, अंगठीवरून ओळखलं हो. दुसरी बसली तशी गहिनीनाथच्या डोळ्यांतून पाणी आलं. कुणी हसेना. चांगुणाने वळून विचारलं, मास्तर, ह्ये खरं मारलंय व्हय? गहिनीनाथने मान खाली घातली. मी अभिमानाने म्हणालो, अगदी खरं.

तिने उठून माझ्या थोबाडीत दिली. चष्मा टीव्हीखाली. गाव हसलं.

९ डिसेंबर, सुपा
गाल सुजलाय. जेवता येत नाही. काल सगळ्यांदेखत रडू आलं. एवढं लागतं, हे मला कुणीतरी आधी सांगायला हवं होतं.